बाबासाहेबांचा पत्ता

गावगाड्यात महाराच्या वतनी कामांची यादी लांबलचक होती. त्यातली दोन कामे निरोपाची. कचेरीतला सरकारी कागद एका गावाहून दुसऱ्या गावाला पोहोचवायचा, आणि गावात कुणी मेले की त्याच्या सोयऱ्याधायऱ्यांना पायी जाऊन वर्दी द्यायची. ऊन असो, पाऊस असो, रात्र असो, नाही म्हणायची सोय नव्हती. पोस्ट खाते येण्याच्या कितीतरी आधीपासून आपले खापरपणजे या मुलखाचे टपाल वाहत होते. पण त्यांच्या स्वतःच्या नावाचा निरोप कुठे यायचा? गावाबाहेरचा महारवाडा, एवढाच त्यांचा पत्ता. आणि तो पत्ता पाकिटावर लिहिला की आतले पत्र उघडायच्या आधीच जात वाचली जायची.

बाबासाहेबांचे चरित्र आपण दरवर्षी ऐकतो. पदव्या, महाड, काळाराम, संविधान, धम्मदीक्षा. या टप्प्यांमधून एक बारीक धागा जातो, त्याकडे आपले लक्ष फारसे जात नाही. हा माणूस आयुष्यभर खोल्या बदलत राहिला. काही ठिकाणांहून त्याला हाकलले, काही ठिकाणे पैशाअभावी सुटली, काही पदाबरोबर आली आणि पदाबरोबर गेली. तरीही त्याच्यापर्यंत पत्रे पोहोचत राहिली, आणि पुढे तर असा काळ आला की ज्यांना स्वतःचा पत्ता नव्हता ती माणसे त्याच्या पत्त्यावर लिहू लागली. आम्हाला या लेखात तेवढीच गोष्ट सांगायची आहे.

सुरुवातच एका न पोहोचलेल्या पत्राने होते. साल १९०१ च्या आसपासचे. सुभेदार रामजी सकपाळ लष्करातून निवृत्त झालेले आणि खटाव तालुक्यातल्या गोरेगावला खजिनदाराच्या नोकरीवर. दुष्काळात लोकांना काम मिळावे म्हणून सरकारने तिथे तलावाचे काम काढले होते. मुले साताऱ्याला. उन्हाळ्याच्या सुट्टीत वडिलांकडे जायचे ठरले. मुलांनी येत असल्याचे पत्र टाकले, नवे कपडे, नव्या टोप्या, नवे जोडे घातले आणि थोरला भाऊ, भाचा अशा सोबतीने नऊ-दहा वर्षांचा भीमराव आगगाडीने निघाला. संध्याकाळी पाचच्या सुमाराला मसूर स्टेशनवर ही पोरे उतरली. वडील किंवा त्यांचा गडी घ्यायला येणार होता. बाकीचे उतारू निघून गेले, फलाट रिकामा झाला, तरी कुणीच आले नाही.

स्टेशनमास्तरने चौकशी केली. कपडे बघून त्याला ती ब्राह्मणाची मुले वाटली होती. महार आहोत हे कळताच तो मागे सरला. बैलगाड्या उभ्या होत्या, पण गाडीवान मिळेना, दुप्पट भाडे देऊनही मिळेना. अखेर तोड निघाली ती अशी, की भाडे दुप्पट, गाडी मुलांनी स्वतः हाकायची आणि गाडीवान बाजूने पायी चालणार. जवळ खायला होते, पण प्यायला पाणी नव्हते. रात्री टोलनाक्यावर थांबले. गाडीवानाच्या सांगण्यावरून भीमरावाने टोलवाल्याला आपण मुसलमान असल्याचे सांगून पाणी मागितले, तरी मिळाले नाही. पोरे उपाशीच झोपली. दुसऱ्या दिवशी उन्हे चढल्यावर गोरेगावला पोहोचली, तेव्हा वडिलांना आश्चर्य वाटले, कारण त्यांना काही कळलेलेच नव्हते. पत्र आले होते. ते गड्याच्या हातात पडले आणि मालकाला द्यायचे तो विसरला.

बाबासाहेबांनी ही आठवण पुढे स्वतः लिहून ठेवली. ती आपण अस्पृश्यतेचा पहिला मोठा चटका म्हणून वाचतो, आणि ते बरोबरच आहे. आम्हाला त्यात आणखी एक गोष्ट दिसते. एखाद्या सवर्णाच्या मुलाचे पत्र हरवले असते तर त्याला स्टेशनवर तासभर खोळंबावे लागले असते. कुणीतरी पाणी दिले असते, कुणीतरी गाडी जुंपली असती. ज्याला समाजात कुठेही दार उघडे नाही, त्याच्यासाठी एक पत्र न पोहोचणे म्हणजे रात्रभराची तहान. आजही ऊसतोडीला गेलेल्या कुटुंबाच्या नावाची नोटीस गावातल्या कुलपावर चिकटून वाळते आणि मुदत निघून जाते, तेव्हा हिशेब तोच असतो.

पुढे कुटुंब मुंबईला आले. परळच्या चाळींत दिवस गेले. १९१२ पासून पोयबावडीजवळच्या बी. आय. टी. चाळ क्रमांक १ मधल्या ५० आणि ५१ नंबरच्या दुसऱ्या मजल्यावरच्या खोल्या हा घराचा पत्ता झाला. ही चाळ इम्प्रूव्हमेंट ट्रस्टने बांधलेली. अंगण नाही, खासगीपणा नाही, पण खोलीला नंबर होता. गावच्या महारवाड्यातून आलेल्या माणसासाठी ही लहान गोष्ट नव्हती. परदेशातल्या वर्षांतही टपालासाठी एक जागा टिकून राहिली ती ही.

जानेवारी १९१३ मध्ये भीमराव बडोद्याला नोकरीवर रुजू झाले. काही दिवसांतच वडील आजारी असल्याची तार आली. निघाले. वाटेत सुरतेला वडिलांसाठी मिठाई घ्यायला उतरले आणि गाडी चुकली. दुसऱ्या दिवशी मुंबईला पोहोचले तेव्हा सुभेदार शेवटच्या घटका मोजत होते. २ फेब्रुवारीला ते गेले. तार वेळेवर आली होती, माणूस उशिरा पोहोचला.

त्याच वर्षी जुलैत सयाजीराव गायकवाडांची शिष्यवृत्ती घेऊन ते न्यूयॉर्कला गेले. आधी कोलंबिया विद्यापीठाच्या हार्टली हॉलमध्ये, मग कॉस्मोपॉलिटन क्लबमध्ये, मग लिव्हिंग्स्टन हॉलमध्ये. तिथे नवल भथेना नावाचा पारशी मित्र खोलीत सोबतीला होता. महिन्याला साडेअकरा पौंड, त्यातून स्वतःचे भागवून घरीही पाठवायचे. १९१६ मध्ये लंडन. १९१७ मध्ये शिष्यवृत्ती संपली आणि अभ्यास अर्धा टाकून परतावे लागले. परतताना सामान आणि पुस्तके थॉमस कुक कंपनीमार्फत वेगळ्या बोटीने पाठवली, स्वतः आगगाडीने मार्सेलिसला जाऊन दुसरी बोट धरली. महायुद्ध चालू होते. सामानाच्या बोटीवर पाणतीर सुटला आणि जमवलेली विद्या समुद्राच्या तळाला गेली. घरी बोट बुडाल्याची बातमी पोहोचली, आणि बोटीत माणूस आहे की नुसते सामान, हे कळेपर्यंत घरच्यांच्या जिवाला घोर लागला. ते २१ ऑगस्टला मुंबईत उतरले. कंपनीकडून जी भरपाई मिळाली तिच्यातून बडोद्याला जाण्याचा खर्च निघाला.

आणि आता बडोदा. या प्रकरणावर आम्हाला थोडे थांबायचे आहे.

कोलंबियाची एम.ए. पदवी हातात, डॉक्टरेटचा प्रबंध लिहून झालेला. महाराजांच्या राज्यात मोठ्या हुद्द्याच्या तयारीसाठी अकौंटंट जनरलच्या कार्यालयात नेमणूक. पण राहायचे कुठे? हिंदूंच्या खाणावळी बंद. पारशांच्या एका धर्मशाळेत जागा होती, पण ती फक्त पारशांसाठी. तिथल्या राखणदाराला पैशाची गरज होती. त्याने वाट काढली. नोंदवहीत पारशी नाव लिहायचे आणि राहायचे. बाबासाहेबांनी ते मान्य केले. वरच्या मजल्यावरची एक खोली, बाजूला अडगळ भरलेला मोठा हॉल, रात्री मिणमिणता कंदील आणि वाचायला पुस्तक. आजूबाजूला एकही माणूस नाही.

जरा विचार करा. ज्या माणसाने जगातल्या दोन मोठ्या शहरांत स्वतःच्या नावाने पत्रे घेतली, त्याला मायदेशात पत्ता मिळाला तो परक्या नावाने. त्या पत्त्यावर त्याला आपले म्हणून पत्र मागवता येणार नव्हते. पाकिटावर आंबेडकर हे नाव दिसले असते तर दारच बंद झाले असते. नाव खरे ठेवावे तर पत्ता नाही, पत्ता हवा तर नाव नाही. शहरात भाड्याची खोली शोधताना आडनाव सांगायच्या आधी क्षणभर थबकणाऱ्या आपल्या मुलामुलींना हे समजावून सांगावे लागणार नाही.

सरकारी बंगला मिळावा म्हणून त्यांनी दिवाणांकडे अर्ज केला होता. अर्ज या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहिला. त्याला पाय फुटायच्या आधीच अकराव्या दिवशी सकाळी दहा-बारा पारशी काठ्या घेऊन जिन्यावर चढून आले. धर्मशाळा बाटवली म्हणून जाब विचारला आणि संध्याकाळपर्यंत निघून जाण्याचे बजावले. बाबासाहेब एका हिंदू मित्राकडे गेले. तो म्हणाला, तुम्ही आलात तर नोकर निघून जातील. एका ख्रिस्ती मित्राकडे गेले. त्याने बायकोला विचारावे लागेल म्हणून वेळ मारून नेली. मुंबईची गाडी रात्री नऊला होती. मधले तास त्यांनी कामाठी बागेत, उघड्यावर बसून काढले.

आपल्या धम्मात घर सोडणाऱ्याला मान आहे. भिक्खू अनागारिक होतो, ते त्याने स्वतः उचललेले पाऊल असते. कामाठी बागेतल्या त्या माणसाने घर सोडले नव्हते, त्याला घर नाकारले होते. या दोन गोष्टींत कुणी गल्लत करू नये. बेघर माणसाच्या हलाखीला वैराग्याची शाल पांघरणारे लोक आजही भेटतात.

मुंबईला परतल्यावर शिकवण्या, सल्लागारी, मग सिडनहॅम कॉलेजातली प्राध्यापकी. ३१ जानेवारी १९२० ला 'मूकनायक' निघाला. त्याच्या कार्यालयाचा पत्ता होता १४, हरारवाला बिल्डिंग, डॉ. बाटलीवाला रोड, पोयबावडी, परळ. संपादक म्हणून पांडुरंग नंदराम भटकर यांचे नाव. पाक्षिकाला पत्ता लागतोच, त्यात नवल काय, असे कुणी म्हणेल. नवल आहे. बहिष्कृतांचा आवाज म्हणून निघालेल्या पत्राला आता कुणीही, कुठल्याही गावातून, एका पोस्टकार्डाच्या खर्चात गाठू शकत होते. निरोप वाहणाऱ्यांना निरोप पाठवायला जागा झाली.

जुलैत ते पुन्हा लंडनला गेले, अर्धा टाकलेला अभ्यास पुरा करायला. भथेनांकडून कर्ज घेतले होते आणि पुढेही पैशाच्या अडचणीत याच मित्राला पत्र जाई. लंडनमध्ये आधी एका कडक घरमालकिणीकडे अर्धपोटी दिवस काढले. १९२१-२२ मध्ये ते किंग हेन्रीज रोडवरच्या १० नंबरच्या घरात राहत होते. ते घर २०१५ मध्ये महाराष्ट्र सरकारने विकत घेतले. तेव्हा मात्र तिथे एक तंगीतला विद्यार्थी राहत होता. दिवस ब्रिटिश म्युझियमच्या वाचनालयात जाई. परळहून रमाईंची, शिवतरकरांची, कार्यकर्त्यांची खबर बोटीच्या टपालाने येई. आज पाठवलेल्या प्रश्नाचे उत्तर महिना-दीड महिन्याने. त्या काळात रमाई काटकसरीने संसार ओढत होत्या. दूर गेलेल्या माणसाचे पत्र हातात पडायची वाट बघणे काय असते, ते त्या खोलीने पुरेपूर जाणले. रमाईंचे मोठेपण सांगताना आपण नुसते कष्ट सांगतो. त्यांनी वाट बघण्याचेही काम केले आणि चळवळीत ते मोजलेच जात नाही.

१९२३ च्या एप्रिलमध्ये पैसे संपले म्हणून बाबासाहेब परतले. परीक्षकांनी दुरुस्त्या सुचवलेला प्रबंध त्यांनी इथे बसून सुधारला, मुंबईहूनच पुन्हा पाठवला आणि त्याच वर्षी लंडनची डी.एस्सी. मिळाली.

मग २० जुलै १९२४. बहिष्कृत हितकारिणी सभा स्थापन झाली. चिमणलाल सेटलवाड अध्यक्ष, बाबासाहेब व्यवस्थापक मंडळाचे अध्यक्ष, सीताराम नामदेव शिवतरकर सचिव. कार्यालय परळच्या दामोदर हॉलमध्ये. सभेने सोलापूरला १९२५ मध्ये वसतिगृह काढले, वाचनालय चालवले. ही कामे इतिहासात नोंदली गेली आहेत. कार्यालय चालवण्याचे काम मात्र कुणी नोंदत नाही. पत्र उघडायचे, वाचायचे, तक्रार कुठल्या तालुक्यातली ते बघायचे, अर्ज लिहून द्यायचा, उत्तर टाकायचे. दामोदर हॉलमध्ये बसून शिवतरकरांसारख्या माणसांनी हे केले.

हे काम किती मोठे होते ते समजायला त्या काळातल्या वस्तीची कल्पना करावी लागते. वस्तीत अक्षरओळख असणारा एखादाच. तो पत्र लिहिणार. पोस्ट गावात, म्हणजे जिथे आपल्याला मोकळेपणाने वावरता येत नाही तिथे. कार्ड टाकले तर कुणीही वाचणार, आणि तक्रार तर गावाविरुद्धच. शिवाय उत्तर आले की तेही गावातल्याच हातांतून येणार. एवढे सगळे पार करून लोक मुंबईला कळवत राहिले, कारण मुंबईत एक दार होते जिथे नाव आणि जात दोन्ही खरी लिहिली तरी पत्र उघडले जात होते. चाळीतल्या एखाद्या गिरणी कामगाराची मार्फत घालून पत्र मागवण्याची रीत तर आपल्या जुन्या माणसांना ठाऊकच आहे. मार्फत या एका शब्दावर अर्धी मुंबई वसली.

१९२७ मध्ये महाड झाले, ३ एप्रिलला 'बहिष्कृत भारत' निघाले. पुढच्या वर्षी, १९ मार्च १९२८ ला, बाबासाहेबांनी मुंबई कायदेमंडळात महार वतनाचा कायदा बदलणारे विधेयक मांडले. सरकारी कागद पायी वाहणे, रात्रीबेरात्री बोलावल्या जागी हजर होणे, त्याच्या बदल्यात तुटपुंजे बलुते आणि तुकडाभर जमीन, हा सगळा व्यवहार त्यांनी चव्हाट्यावर आणला. आपल्यातल्याच काहींना वतन म्हणजे हक्क वाटत होता, ते सोडायला ते तयार नव्हते. विधेयक तेव्हा मार्गी लागले नाही. पण टपाल वाहणाऱ्याने ओझे खाली ठेवून त्याची मजुरी मागितली, ती तारीख आपल्या पंचांगात असायला हवी.

गोलमेज परिषदेच्या वेळी याच लोकांनी उलट दिशेने टपाल पाठवले. १९३१ मध्ये लंडनला दुसऱ्या परिषदेत अस्पृश्यांचा खरा प्रतिनिधी कोण, हा वाद पेटला. गांधीजींनी तो मान आपल्याकडे घेतला होता. तेव्हा हिंदुस्थानातल्या अनेक ठिकाणांहून अस्पृश्यांच्या सभा आणि संस्थांनी आंबेडकरांच्या बाजूने तारा केल्या. तारेला शब्दागणिक पैसे पडत. ज्यांच्या घरात संध्याकाळच्या चुलीची खात्री नव्हती, त्यांनी वर्गणी काढून शब्द विकत घेतले आणि लंडनच्या पत्त्यावर पाठवले.

१९३४ च्या सुमाराला चाळ सुटली. दादरच्या हिंदू कॉलनीत 'राजगृह' उभे राहिले. मगधाच्या राजधानीचे नाव, आणि निम्मे घर पुस्तकांचे. आयुष्यात पहिल्यांदा बाबासाहेबांचा स्वतःचा पत्ता झाला. २७ मे १९३५ ला रमाई तिथेच गेल्या. स्वतःच्या घराचे सुख त्यांना वर्षभरही धड लाभले नाही.

त्याच वर्षी १३ ऑक्टोबरला येवल्याची घोषणा झाली. हिंदू म्हणून मरणार नाही, हे जाहीर होताच टपालाचा पूर आला. मुस्लिम, ख्रिस्ती, शीख धर्मियांकडून निमंत्रणे, शिव्याशाप, धमक्या. त्या ढिगात बनारसहून एक तार होती, महाबोधी सोसायटीच्या सचिवांची. बौद्ध धम्मात या, असे सांगणारी. त्या तारेला एकवीस वर्षे पुरी होत असताना नागपूरचा दिवस उजाडला. चळवळीतले काही निरोप तसे सावकाशच पोहोचतात.

दिल्लीची वर्षे आम्ही भरभर ओलांडतो. १९४२ पासून मजूरमंत्री म्हणून २२, पृथ्वीराज रोड. स्वातंत्र्यानंतर कायदेमंत्री म्हणून १, हार्डिंग अव्हेन्यू. १९५१ मध्ये हिंदू कोड बिलावरून राजीनामा दिला, बंगला सोडला आणि २६, अलीपूर रोडला राहायला गेले. तीही जागा स्वतःची नव्हती. पायांनी साथ सोडलेली, नजर मंदावलेली. नानकचंद रत्तू स्वतःची नोकरी सांभाळून संध्याकाळी येत, सांगितलेली पत्रे आणि ग्रंथाची पाने टाइप करून देत.

याच पत्त्यावरून १९५६ च्या सप्टेंबरात, २४ तारखेला, एक पत्र कुशीनाराला गेले. भगवंतांचे महापरिनिर्वाण जिथे झाले तिथल्या विहारात राहणाऱ्या वृद्ध चंद्रमणी महाथेरांना. १४ ऑक्टोबरला नागपूरला येऊन दीक्षाविधी करावा, अशी विनंती त्यात होती. महाथेर मूळचे ब्रह्मदेशातले, तरुणपणीच घर सोडलेले. घर नाकारल्या गेलेल्या माणसाचे पत्र घर सोडलेल्या माणसाला पोहोचले. महाथेर आले. नागपूरच्या मैदानावर लाखो लोक जमले. त्यातल्या बहुतेकांना कुणी छापील पत्रिका पाठवली नव्हती. बातमी वस्तीवस्तीत तोंडी गेली होती, जुन्या वर्दीसारखी, फक्त या वेळी ती मरणाची नव्हती.

३० ऑक्टोबरला त्यांनी महाबोधी सोसायटीचे देवप्रिय वलिसिंह यांना पत्र लिहिले. दीक्षा झाली, आता लोकांना धम्म शिकवायचा कसा, याची काळजी त्यात होती. नोव्हेंबरात काठमांडूची बौद्ध परिषद, मग बनारस, सारनाथ, कुशीनारा, आणि महिनाअखेर दिल्ली.

५ डिसेंबरच्या रात्री अलीपूर रोडच्या घरी रत्तूंनी टाइप केलेले कागद त्यांनी जवळ मागून घेतले. 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथाची प्रस्तावना, आणि दोन पत्रे. एक आचार्य अत्र्यांना, एक एस. एम. जोशींना, नव्या रिपब्लिकन पक्षासंबंधीची. झोपण्याआधी ती पुन्हा नजरेखालून घालायची होती. सकाळी बाबासाहेब उठले नाहीत. दुसऱ्या रात्री विमानाने त्यांचा देह मुंबईला आला आणि राजगृहावर नेण्यात आला.